टिबुकली वर येईपर्यंत

अण्णा, धरणाच्या आतल्या बाजूला, पाण्याशी उतरत जाणाऱ्या त्या दगडांवर आपण दोघं बसलो आहोत. दिवस मावळायला अजून अवकाश आहे. तुमच्या मांडीवर हरभऱ्याच्या टहाळाची पेंढी आहे आणि एक घाटा मला, एक तुम्हाला, असं तुमचं सोलणं चाललेलं आहे. पाण्याची पातळी पाहून ऑफिसात कळवायचं तुमचं संध्याकाळचं काम उरकलंय, म्हणजे आता हे सगळं सिद्धेश्वरचं पाणी आपलं. समोर एक गोल, बुटका, मळक्या रंगाचा पक्षी तरंगतोय. त्याला शेपूट म्हणून नाहीच, जणू देणारा द्यायलाच विसरला. बघता बघता तो खाली जातो. पाण्यावर एक लहानसं वर्तुळ उरतं आणि मी त्या वर्तुळावर डोळे रोवून बसते. तुम्ही मात्र एक डोळा मिटून दूर, पार लव्हाळ्याकडे बघत असता. पक्षी तिकडेच कुठेतरी वर येतो आणि मी पुन्हा हरते. "तिथं काहून पाहून राहिली गं?" तुम्ही म्हणता. "तिथून तर ती गेली."

टिबुकली हे नाव मी पहिल्यांदा तुमच्या तोंडून ऐकलं, आणि त्यानंतर फार थोड्या माणसांच्या तोंडून. धरणावर मासे धरणारे तिला पाणडुबी म्हणायचे. तुम्हाला ते नाव पसंत नव्हतं. पाण्यात मोठा दगड टाकला की डुबुक होतं आणि लहान खडा टाकला की टिबुक, ही बाई खाली जाताना तेवढाच आवाज करते म्हणून टिबुकली, असा अर्थ तुम्ही मला लावून दिला होता. खरं तर ती खाली जाताना मला कधी काहीच ऐकू आलं नाही. पण तुम्ही ऐकू येतं म्हणालात म्हणून मीही व्हय म्हणाले. पाणडुबी का नको, तेही तुम्ही सांगितलं होतं. "जी बुडत न्हाई तिला बुडनारी काहून म्हनायचं? ती जाती अन् येती."

आईने तर त्या नावाला घरात राबायलाच लावलं. कात्री सापडेना की ती टिबुकली झाली, मग दोन दिवसांनी पिठाच्या डब्यामागे वर आली. काम निघालं की माझा मामा टिबुकली, ताट वाढलं की पाटावर हजर. मामा हे ऐकून हसायचा आणि आणखी एक भाकरी मागायचा. तुम्हीही त्यातून सुटला नाहीत. जेवायच्या वेळेला तुम्ही दारात दिसलात की आई चुलीपुढून मान न वळवता विचारायची, "आली का टिबुकली?" आणि तुम्ही निमूट हातपाय धुवायला जायचात. मी मोठी झाल्यावर कळलं की हा शब्द असा वापरायची रीत आपल्या घराबाहेर कुठेच नाही. तोवर मला वाटत होतं, सगळा मुलूख असंच बोलतो.

गेली तिथे बघायचं नाही, हा खेळाचा पहिला नियम; दुसरा त्याहून कडक होता. एकदा टिबुकलीने बुडी मारली की ती वर आल्याशिवाय उठायचं नाही. उन्हं कलोत, डास चावोत, आई हाका मारो. एका संध्याकाळी ती गेली ती आलीच नाही. आपण वाट पाहिली, टहाळ संपला, पाणी काळं दिसायला लागलं. मला भूक लागली होती, रडूही येत होतं. तिला माशाने गिळलं का, असं मी विचारलं तर तुम्ही नुसती मान हलवलीत. तेवढ्यात आई कंदील घेऊन तरातरा बांधावरून खाली उतरली. टिबुकलीला भाकर लागत नाही, पोरीला लागते, माणसाला एवढं कळू नये का, अशी तिने सुरुवात केली आणि मध्येच थांबली. कंदील वर धरून म्हणाली, "ती काय. तुमच्या नाकाखाली." अगदी कडेला, पाणगवतात, पाण्याबाहेर फक्त चोच आणि एक डोळा. आपल्याला भिऊन ती तेवढा वेळ तशीच लपून राहिली होती. घरी जाताना आई पुढे, आपण मागे. त्या दिवसापासून या खेळात आपण दोघं कच्चे लिंबू आणि आई पक्की, हे तिने कधी विसरू दिलं नाही.

पुढे धरणावरच्या मोठ्या साहेबांच्या बायकोने हट्ट धरला म्हणून तुम्ही मला नांदेडला कॉन्व्हेंटमध्ये घातलंत. वसतिगृहाच्या फाटकाशी माझी पेटी खाली ठेवलीत आणि माझ्या डोक्यावर हात ठेवलात. एका सिस्टरने मला आत नेलं. लांबलचक ओवरी, फिनाईलचा वास, ओळीने मांडलेल्या लोखंडी खाटा, आणि एकही ओळखीचं तोंड नाही. दुपारचं जेवण झालं, प्रार्थना झाली. मग त्या सिस्टर माझ्यापाशी आल्या. त्या केरळच्या होत्या, त्यांचं मराठी नवं होतं. तुझे फादर अजून गेटवर बसले आहेत, त्यांची बस गेली का, असं त्यांनी मला काळजीने विचारलं. मला एकदम उमजलं. मी जिना चढून वरच्या मजल्यावर पळाले आणि रस्त्याकडच्या खिडकीचे गज धरून उभी राहिले. तुम्ही समोरच्या लिंबाखाली बसला होतात, एक डोळा मिटून भलत्याच खिडकीकडे बघत. मग मी दिसले. तुम्ही उठलात, धोतराची धूळ झटकलीत, हात वर केलात आणि चालायला लागलात. दिवाळीच्या सुट्टीत मी त्या दिवसाचं विचारलं तर म्हणालात, "वर आलीस. मंग उठलो."

त्याच सिस्टरनी पुढे वर्गात आवडत्या पक्ष्यावर इंग्रजीत निबंध लिहायला सांगितला. सगळ्या मुलींनी मोर आणि पोपट लिहिले. मी टिबुकली लिहिली. सिस्टरना आधी वाटलं, हा दिवाळीतला काही खाऊ असावा. मी हाताने बुडी मारून दाखवली, शेपूट नाही हे दाखवायला पाठमोरी उभी राहिले, आणि वर्ग इतका हसला की शेजारच्या वर्गाच्या सिस्टर बघायला आल्या. पण आमच्या सिस्टरनी तो पक्षी पुस्तकात शोधून काढला. तिला डॅबचिक म्हणतात म्हणाल्या, आणि टिबुकली हे नाव अधिक छान आहे असंही म्हणाल्या. मी अभिमानाने तुम्हाला कार्ड टाकलं की आपल्या टिबुकलीचं इंग्रजी नाव सापडलं. तुमचं उत्तर एका ओळीचं होतं. म्हणू देत, तिला अजून कुणी सांगितलेलं नाही.

हे सगळं आज लिहायचं कारण सांगते. परवा मला हैदराबादला नेणार आहेत. हृदयातली एक झडप नीट मिटत नाही, ती बदलायची आहे. डॉक्टर तरुण आहेत, हिंदीत फार गोड बोलतात. त्यांनी कागदावर चित्र काढून समजावलं की थोडा वेळ हृदय थांबवतील, तेवढ्यात काम उरकतील आणि पुन्हा सुरू करतील. माझ्या वयात धोका असतो, तोही त्यांनी लपवला नाही. मी मान डोलावली. हे मात्र त्या दिवसापासून घरात या खोलीतून त्या खोलीत फिरत असतात आणि दर तासाला मला पाणी हवं का विचारतात. लेक पुण्याहून आली आहे. तुम्ही गेलात तेव्हा ती पाळण्यात होती. आता तिची पोरगी माझ्या खांद्याला लागते.

काल मी त्या नातीला सिद्धेश्वरला नेलं, गाडी लेकीने चालवली. धरणाचे दगड होते तिथेच आहेत, माझे गुडघे तेवढे पूर्वीचे नाहीत, म्हणून मी वरच्याच दगडावर बसले. टहाळ शिरडच्या बाजारातून आणला होता. नातीला घाटे सोलता येत नाहीत, ती दाण्यासकट टरफल चावते आणि कडू तोंड करते. पाण्यावर टिबुकली होती. नातीने फोन रोखला आणि त्याने तिला सांगितलं, लिटल ग्रीब. मी तिला आपलं टिबुकली हे नाव सांगितलं. तिने ते दोनदा म्हणून पाहिलं, मग हसली, आणि लगेच आईला हाक मारून म्हणाली, "मम्मा, तुझा चष्मा टिबुकली झालाय, कारमध्ये वर येईल." अण्णा, मी तिला तेवढ्यात फक्त कात्रीची गोष्ट सांगितली होती. पुढचं तिचं तिनेच केलं.

मग आम्ही खेळलो. पहिल्या बुडीला ती हरली, दुसऱ्यालाही. तिसऱ्या वेळी वाट बघता बघता, पाण्यावरची नजर न काढता तिने मला विचारलं, "आजी, तुझं हार्ट बंद करतील तेव्हा तू कुठे असशील?"

लेकीने घाईघाईने तिला गप्प केलं. पण प्रश्न सरळ होता, आणि घरात सगळे तो पोटात घेऊन फिरत होते. मी म्हणाले, "बुडी मारलेली."

"मग मी कुठे बघू?"

मी तिला दुसरा नियम सांगितला, न उठण्याचा. तिने तो नीट ऐकला आणि किती वेळ लागतो विचारलं. ते टिबुकलीवर आहे, मी म्हणाले. ती बरं म्हणाली आणि पुन्हा पाण्याकडे वळली. एक डोळा मिटून. तिला तसं बघायला कुणी शिकवलं नाही अण्णा, मी तर नाहीच. मला अजून एक डोळा मिटला की दुसराही मिटतो. मी तिच्याकडेच बघत राहिले, त्यामुळे टिबुकली कुठे वर आली ते मला दिसलं नाही. नातीला दिसलं. ती इतकी ओरडली की काठावरचे बगळे उडाले.

आता रात्रीचं जेवण आटोपलंय, पिशवी भरून झाली आहे. हे पत्र टाकायला पोस्टाची पेटी नाही, म्हणून तुमच्या मफलरच्या घडीत ठेवीन. एक कबूल करते. बैठकीत शिरले की अजूनही माझी नजर आधी खिडकीजवळच्या कोपऱ्याकडे जाते, जिथे तुमची शेवटची बाज होती. इतकी वर्षं झाली तरी जिथून गेलात तिथेच मी बघते आणि दर वेळी हरते. काल मात्र हरले नाही, एक डोळा मिटून बघणारी नात दिसली.

तुमच्या साक्षीने वाटणी सांगून ठेवते, म्हणजे पुढेमागे कुणी कुरबुर करायला नको. आईचा कंदील लेकीला. काच तडकली आहे, पण तो वर धरला की अजून हरवलेलं सापडतं. माझी पक्षी बघायची दुर्बीण शेजारच्या गुरुजींना. मागून मागून ते थकले आहेत. मफलर ह्यांना, कारण दवाखान्यात फार थंडी असते आणि हे सांगणार नाहीत. पत्र हाताला लागलं तर खुशाल वाचावं. मी आत असताना चहाला त्यांनी जरूर जावं, त्यांच्याने एका जागी बसवत नाही. टिबुकली हा शब्द नातीला, हवा तसा वापरायला, झिजला तरी चालेल. आणि ऑपरेशनच्या खोलीबाहेरची, दाराकडे तोंड असलेली खुर्चीही तिलाच. मी वर येईपर्यंत तिला कुणी उठवू नये.