गप्प राहिलेली नवरी

३ जुलै

हो, म्हटलं मी त्याला तसं! तोंडावर म्हटलं, कचेरीत चार माणसं बसली होती तेव्हाच म्हटलं. का म्हणू नये? "बाळा, घरी आईकडे जेवायला मागतोस ते कुठल्या भाषेत?" लालबुंद झाला. टाय चाचपत बसला.

पण पहिल्यापासून लिहिते. नाहीतर उद्या माझं मलाच कळायचं नाही.

आज देओलिंदाचं लग्न होतं. नवरी सदुसष्टची, नवरा आपारिसिओ, मान देऊन 'काराई' म्हणतो आम्ही त्याला, बहात्तरचा. एक्केचाळीस वर्षं एका छपराखाली, चार मुलं, अकरा नातवंडं — अन् आता लग्न! त्याच्या हृदयाची झडप बदलायची आहे, पाच ऑगस्टला, राजधानीत. ऑपरेशनच्या संमतीच्या कागदावर मुलाची सही चालेल म्हणाला होता डॉक्टर. आपारिसिओ म्हणाला, "छातीत चाकू घालून घ्यायचाच आहे, तर नवरा म्हणून घालून घेईन." एवढी एकच गोष्ट त्याने जन्मात हट्टाने मागितली.

साक्षीदार मी. निळा झगा घातला. माझा नवरा मेनेको गेल्यापासून पहिल्यांदाच काळ्याशिवाय काहीतरी अंगावर.

नोंदणी कचेरीतला नवा साहेब, एव्हेर त्याचं नाव, तिशीचा असेल. लग्नाची कलमं वाचली त्याने स्पॅनिशमध्ये — पत्र्यावर मक्याचे दाणे ओतावेत तशी तडतड. आपारिसिओला विचारलं. तो म्हणाला, "सी", म्हणजे हो. मग तिला विचारलं. ती गप्प. पुन्हा विचारलं. गप्प!

"सेन्योरा, 'सी' म्हणा फक्त. संपलं."

ती माझ्याकडे वळली अन् ग्वारानीत, आमच्या घरच्या भाषेत, म्हणाली, "कुमारे, हा काय विचारतोय ते कळल्याशिवाय मी हो म्हणायची नाही. ग्वारानीत विचार म्हणावं."

तर साहेब काय म्हणाला? "आजी, इथे ग्वारानी चालत नाही." हे म्हणाला ग्वारानीत! अगदी झकास ग्वारानीत!

तेव्हा मी ते आईचं बोलले.

लग्न काही झालं नाही. गप्प नवरीचं लग्न लावता येत नाही म्हणे. बसने परत आलो, मांडीवर केक. आपारिसिओ सगळा रस्ता खिडकीबाहेर बघत होता.

४ जुलै

केक खाल्ला. वाया कशाला घालवायचा.

६ जुलै

गावात एकच विषय. "आपारिसिओला नकार! एक्केचाळीस वर्षं पारखून शेवटी नकार!" मी त्यात तेल ओतलं नाही असं नाही. सकाळी त्यांच्या अंगणात 'माते', आमचा कडू पाल्याचा चहा, पीत बसलो होतो. बाहेर जुलैची थंडी, हातात गरम पेला. मी म्हटलं, "काराई, अजून वेळ गेली नाही. दुसरी बघू का?"

"बघायची कशाला, कुमारे? तूच रिकामी आहेस की!"

देओलिंदाने चप्पल फेकली. मला लागली, त्याला नाही. माझ्या लेकीची ती धर्ममाता, देवापुढे नातं जोडलेलं, म्हणून तर एकमेकींना 'कुमारे' म्हणायचं, तरी चप्पल मलाच!

तो गुरं बघायला गेल्यावर मी विचारलं, "अगं, एक 'सी' म्हणायला काय जात होतं तुझं?"

चहाची नळी ओढली. मग म्हणाली, "तो टेबलामागून स्पॅनिश बोलायला लागला ना, तशी माझी जीभच वळेना. गुडघे दुखायला लागले."

शाळेतलं म्हणत होती. आम्ही दोघी तिसरीत होतो. मैदानातही ग्वारानी बोलायची नाही असा बाईंचा नियम. कुणीतरी हिचं नाव सांगितलं. बाईंनी जाड मिठावर गुडघे टेकायला लावलं, सुट्टीची घंटा होईपर्यंत. दुसऱ्या दिवशी ही आलीच नाही. मग कधीच आली नाही. मी सहावीपर्यंत शिकले, गावाची पत्रं लिहिली, अर्ज लिहिले. तिचेही मीच लिहिले.

"शिक्षा म्हणून शिकवलेल्या भाषेत मी त्याची बायको व्हायची नाही," म्हणाली.

मी मान हलवली. अन् पाणी तापवायला उठले.

९ जुलै

भाची सुनिल्दा आली. शाळेत शिकवते. तिने कायदाच छापून आणला! दोन्ही भाषा सरकारी, दोन्ही सारख्या, माणसाला सरकारी कामात हवी ती भाषा वापरायचा हक्क. मी मोठ्याने वाचून दाखवलं. घरात कुणी नव्हतं म्हणून कोंबड्यांना. लक्षपूर्वक ऐकलं त्यांनी, आमदारांपेक्षा बरं.

"मावशी, हे कित्येक वर्षांपासून आहे," सुनिल्दा म्हणाली.

कित्येक वर्षं! अन् आमच्यापर्यंत बसने आलं वाटतं.

११ जुलै

कायदा घेऊन कचेरीत. साहेबाने वाचला. दोनदा वाचला. वाईट माणूस नाही, घाबरट आहे.

"कायदा मान्य आहे, सेन्योरा. पण लग्नाची कलमं पुस्तकात स्पॅनिशमध्ये आहेत. मी मनाने ग्वारानी बोलायला लागलो अन् चूक झाली तर? लग्नच रद्द ठरलं तर?"

"मग आम्ही भाषांतर करून आणतो."

"आणा. मी वर पाठवतो."

वर म्हणजे कुठे ते विचारलं. त्यालाही माहीत नव्हतं. छताकडे बघत होता.

बाहेर आले तर बसथांब्यावर तोच साहेब, जेवायच्या सुट्टीत, फोनवर कुणाला तरी कालच्या सामन्यातल्या गोलकीपरबद्दल शिव्या हासडतोय. शुद्ध ग्वारानी! एक चूक नाही! मी टाळ्या वाजवल्या. त्याने फोनच बंद केला.

१४ जुलै

भाषांतर सुरू. पोट दुखेपर्यंत हसले आज.

सुनिल्दा लिहिते, मी अर्थ सांगते, देओलिंदा भांडते. पहिलं कलम — दोघांनी एका घरात राहावं. देओलिंदा म्हणते, "राहतेच आहे. जाऊ कुठे?" दुसरं — एकमेकांशी एकनिष्ठ राहावं. सगळ्यांनी आपारिसिओकडे बघितलं. तो म्हणाला, "सत्त्याहत्तर सालच्या जत्रेत फक्त नाचलो होतो!" कुणी काही विचारलंच नव्हतं! देओलिंदा म्हणाली, "सुनिल्दा, हे कलम जरा मोठ्या अक्षरात लिही." तिसरं — अडीअडचणीत एकमेकांना मदत करावी. "चौथ्या बाळंतपणात मी विहिरीवरून पाणी आणत होते तेव्हा हे कलम कुठे होतं?"

"कुमारे," आपारिसिओ मला हात जोडून म्हणाला, "इतकं समजावून सांगितलंस तर ती खरंच नाही म्हणेल गं."

मलाही आजच कळलं हं. अडुसष्ट साली मी मेनेकोशेजारी उभी राहून 'सी' म्हटलं होतं. स्पॅनिश येत होतं मला, पण असलं कायद्याचं कुठलं कळणार? साहेब थांबला की 'सी' म्हणायचं, एवढं आईने शिकवलं होतं. घरी येऊन त्याच्या फोटोला तिन्ही कलमं वाचून दाखवली. मेल्या, यातलं निम्मंसुद्धा पाळलं नाहीस! बरं, मी किती पाळलं ते त्याने विचारलं नाही. समंजस होता.

१७ जुलै

कागद दिला. साहेब म्हणाला, "छान आहे." मग म्हणाला, "वर पाठवतो."

२३ जुलै

वरून काही नाही.

आपारिसिओ दुकानात जाताना माझ्या फाटकाशी थांबतो. म्हणतो, "लापाचोच्या झाडाला कळ्या छान धरल्यात." कळ्या बघत नसतो. श्वास घेत असतो. आधी एकदा थांबायचा, आज येता-जाता दोनदा थांबला. मी पण म्हणते, "हो, यंदा लवकर फुलणार."

आज जाताना म्हणाला, "कुमारे, नाहीच झालं तर तिला सांग, मी रागावलो नव्हतो."

"स्वतःच सांग," मी म्हटलं. "मी काय पोस्टमन आहे?"

आत येऊन भांडी आपटली.

२६ जुलै

सुचलं! इतके दिवस कायदा घेऊन फिरत होते. कायद्यापेक्षा मोठं माणूस पलीकडच्याच वस्तीत राहतं!

२७ जुलै

एव्हेरची आई डोन्या ब्रिहिदा. महामार्गावर टोपली घेऊन चिपा विकते. त्या चीजच्या पावाच्या जिवावर तीन मुलं शिकवली. चार चिपा घेतले, बसले बाकावर.

"तुमचा मुलगा लग्नं फार छान लावतो म्हणे."

"म्हणतात," ती म्हणाली. "मी कधी बघितलं नाही. मला कोण बोलावणार तिथे? मला स्पॅनिश कुठे येतं?"

"आम्हाला एक साक्षीदार कमी आहे," मी म्हटलं.

खोटं! तीन साक्षीदार जास्तच आहेत. पाप लागलं तर मेनेकोच्या खात्यात.

३० जुलै

लागलं! लग्न लागलं!!

सकाळी कचेरीत शिरलो. पुढे मी, मागे नवरा-नवरी, मुलं, नातवंडं, अन् सगळ्यात शेवटी डोन्या ब्रिहिदा, पांढरी शाल, टोपली दाराशी ठेवून. साहेब उभाच राहिला.

"आई, तू इथे?"

"साक्षीदार आहे," ती म्हणाली अन् पहिल्या रांगेत बसली.

त्याने पुस्तक उघडलं. स्पॅनिशमध्ये दोन ओळी वाचल्या असतील. आईने हात वर केला — शाळेतल्या पोरीसारखा! "एव्हेर, काय वाचतोयस ते मला कळू दे. न कळता सही करायला लावू नकोस. सही करायची म्हणजे शपथच ती."

साहेब आईकडे बघतो, पुस्तकाकडे बघतो, माझ्याकडे बघतो. मी छताकडे बघितलं. वर.

मग त्याने खण उघडला. आमचा कागद त्यातच! वर गेलाच नव्हता, हातभर खाली पडून होता! बाहेर काढला, टाय सैल केला अन् वाचायला लागला. ग्वारानीत. पहिलं वाक्य अडखळला. दुसऱ्यापासून आवाजच बदलला त्याचा — टेबलामागचा माणूस गेला अन् कुणाचा तरी मुलगा बोलायला लागला. मागे आपारिसिओचा धाकटा, सहा फुटी गडी, नाक ओढत होता.

"देओलिंदा, या माणसाला तू नवरा म्हणून घेतेस का?"

वाटलं, पुन्हा गप्प राहते की काय. आपारिसिओच्या कपाळावर घाम, हात छातीवर.

अन् ती बोलली! नुसतं हो नाही — पाच मिनिटं बोलली! म्हणाली, एका घरात राहीन, पण गुरं माझ्या ओट्यावर बांधायची नाहीत. एकनिष्ठ राहीन, माझी कधी अडचण नव्हती, जत्रेचं त्याने बघावं. मदत करीन, पण इस्पितळातून परत यायचं, येणार नसेल तर आत्ताच सांग, म्हणजे मी घरी जाते. आपारिसिओ म्हणाला, "येतो." ती म्हणाली, "मोठ्याने." तो ओरडला, "येतो!" तेव्हा म्हणाली, "मग हो."

साहेबाने हे सगळं वहीत कसं लिहायचं म्हणून विचारलं. डोन्या ब्रिहिदा म्हणाली, "हो म्हणाली असं लिही. बाकी देवाने ऐकलं."

जेवायला 'सोपा', म्हणजे मक्याचा जाड पाव, आगीवर भाजलेलं मांस, वीणा वाजवायला देओलिंदाचा जावई. मी साहेबाबरोबर पोल्का नाचले. बाळाचे पाय लाकडाचे आहेत. पण आता भेटला की ग्वारानीत बोलतो, अन् पुढच्या आठवड्यात कुणी विचारलं तर तोच कागद वाचीन म्हणाला. सुनिल्दाने आणखी दहा प्रती काढून दिल्यात.

३१ जुलै

पाय सुजलेत. पुन्हा नाचीन.

१ ऑगस्ट

ऑगस्टची वाईट हवा लागू नये म्हणून रिकाम्या पोटी सताप अन् लिंबू घातलेली दारू घ्यायची. सगळ्यांनी तीन-तीन घोट घेतले. मी सहा घेतले, मेनेकोचे त्याच्या वतीने.

देओलिंदा फाटकापर्यंत सोडायला आली. उद्या ती त्याच्याबरोबर राजधानीत जाणार. हात धरला माझा. म्हणाली, "कुमारे, माझी जीभ तिसरीत राहिली होती. तू मला ती आणून दिलीस."

मी म्हटलं, "जास्त प्यायलीस तू."

२ ऑगस्ट

बस गेली. खिडकीतून दोघं हात हलवत होते.

तिसरीत तिचं नाव बाईंना मी सांगितलं. त्या दिवशी मिठावर माझी पाळी होती. दुसऱ्याचं नाव दिलं की सुटका व्हायची.