टोपीतली डहाळी

४ नोव्हेंबर १६४३

चालून चालून पाय मोडले, पण दुपारी हवेलीवर पोचलो एकदाचा. कारभारीण डॉर्कसबाईंनी मला वरून खाली न्याहाळलं आणि म्हणाल्या, मास्तर, आधी शेकोटीपाशी बसा, नाहीतर तुमच्या कविता तोंडातच गोठतील. जवाचा पाव, चीज, वर सफरचंदाची दारू. या वयात आणखी काय हवं?

सर जर्व्हेस टोलहर्स्टांचं चरित्र लिहायचं आहे. चाळीस शेतांचे धनी, बारा वर्षं पार्लमेंटात राजाच्या करांविरुद्ध बोलले. गेल्या वर्षी राजाशी लढाई जुंपली, तेव्हा आपल्याच कुळांची पलटण उभारून कर्नल झाले. पलटणीतली निम्मी पोरं माझ्या शाळेतली. नॅट विकेट मधमाश्यांची कविता म्हणू लागला की वर्ग पेंगायचा थांबे. मधल्या कडव्यात मात्र हटकून अडखळे, आणि मी ओळ सांगेपर्यंत माझ्याकडे बघत उभा राही. आता भेटेल.

९ नोव्हेंबर

नॅट नाही. बेचाळीस पोरं नाहीत.

डॉर्कसबाईंनी कणीक मळता मळता सांगितलं. दोन्ही सैन्यांचे कपडे सारखेच, म्हणून टोपीत खूण लावतात. आपली ओकची डहाळी. ओढ्याकाठच्या लढाईत शत्रूनेही तीच लावली, तेव्हा वरून चिठ्ठी आली: डहाळ्या काढा, पांढरा कागद लावा. सर जर्व्हेस घोड्यावरून भाषण करत होते. चिठ्ठी हातमोज्यात राहिली. टोपीत डहाळी बघून आपल्याच घोडेस्वारांनी पोरं कापली. भाषण मात्र फार सुंदर झालं म्हणे, असं म्हणून बाईंनी कणीक आपटली.

१४ नोव्हेंबर

सर म्हणाले, लिहा, हुकूम दिला होता, पोरांनीच ऐकला नाही. मी लेखणी खाली ठेवली. तेव्हा हसून म्हणाले, मास्तर, मेलेल्यांचं आता काय बिघडणार आहे?

लिहिलं. अक्षर वळणदार आलं. त्यांनी माझे सगळे कागद, कोरेसुद्धा, पेटीत ठेवून किल्ली गळ्यात घातली.

१५ नोव्हेंबर

भर दुपारी माझ्या टोपीत ओकची डहाळी. हिरवीगार, ओली. बाहेर एकाही ओकवर पान नाही. डॉर्कसबाई पांढऱ्या पडल्या. म्हणाल्या, मास्तर, ही थट्टा या घरात कुणी करत नाही.

१८ नोव्हेंबर

शेकोटीत टाकली. जळली नाही. बाराच्या ठोक्याला परत टोपीत.

कुंपणापलीकडून मधमाश्यांची कविता. नॅटचाच आवाज. मधल्या कडव्यात थांबला — वाट बघत राहिला. मी ओळ सांगायला तोंड उघडलं. मलाच आठवेना.

१९ नोव्हेंबर

तीनदा विनवलं, तेवढं वाक्य खोडू द्या. सर म्हणाले, म्हातारचळ लागलाय तुम्हाला. किल्ली देत नाहीत. डॉर्कसबाई बहिणीकडे निघून गेल्या. मलाही चला म्हणत होत्या. पाय सुजलेत —

कुंपणाशी टोप्या. मोजल्या. बेचाळीस. काल लांब होत्या.

२० नोव्हेंबर

टोपी निघत नाही. डहाळी ओढली की कवटीतून कळ — मुळं धरलीत —

रस्त्यावर घोडे. आपलेच. आपलंच स्तोत्र गाताहेत. नाव विचारणार नाहीत, फक्त टोपी बघ—

ती ओळ आठवली तर — नाही —

पांढरा कागद हवा. सगळे पेटीत. वहीत हे एकच पान — लिहून भरत आलं — पालथी बाजू अजून पांढ