लहानीचं मी कोणाले सांगितलं नाही

डॉक्टरीणबाई, माझी नात डॉक्टर झाली. म्हणजे अजून पुरती नाही, इंटर्न आहे, काम सगळ्यांचं करायचं आणि बोलणी बी सगळ्यांची खायची. पण गळ्यात स्टेथो टाकून निघते तेव्हा मी गेटपर्यंत उगाच तिच्या मागे जाते. शेजारच्या बाया म्हणतात, रोजरोज काय पाहता हो आजी? पाहीन नाही तर काय! तिचा पांढरा कोट मीच धुते, सुनेले हात लावू देत नाही. माहेरी मागावर सूत चढवायच्या आधी त्याले खळ देत, ते पाहतच मी मोठी झाली, तर पहिल्याच हप्त्यात तशी घट्ट खळ मी कोटाले दिली. संध्याकाळी पोट्टी म्हणते, "आजी, कोट आहे का टिनाचा पत्रा? खाली बसली तं मोडून राहिला ना!" तुम्ही असत्या तर पोट धरून हसल्या असत्या. मी चौथी शिकलेली, तीही कशीबशी. माझं अक्षर तुम्हाले माहीत आहे. दवाखान्यात औषधाच्या बाटलीवर चिठ्ठी लिहून दिली की तुम्ही म्हणायच्या, तुझं 'खोकला' वाचूनच मला खोकला येतो. तेच अक्षर आज इथे आहे, सांभाळून घ्या.

तुम्हाले एक गंमत सांगते. आता डॉक्टर लोकांले वागणं शिकवायचाही वर्ग असतो. हाडं, रक्त, औषधं हे अलग, आणि हे अलग. पेशंटसमोर आधी खाली बसायचं, मोबाइल उलटा ठेवायचा, वाईट बातमी कशी सांगायची, कोणाले सांगायची, कोणाले नाही. त्याची परीक्षा बी असते. तर नात घरी माझ्यावरच सराव करायची. मी दिवाणावर आडवी, ती स्टुलावर.

"नमस्कार. मी बसू का?"

"बस ना वं, तुहंच घर आहे."

"आजी, तू पेशंट आहेस! बरं. तुमच्या आजाराबद्दल तुम्हाला काय काय माहीत आहे?"

"मले माहीत असतं तं तुह्यापाशी कायले आली असती?"

"तपासणीत काय निघालं ते तुम्हाला एकटीला सांगू, की सोबत कोणी हवं आहे?"

"सगळ्यायले बोलाव. सून बाहेर बसली आहे, जेठानी बी येऊन राहिली, घरमालकीण बी आहे."

पोट्टी स्टुलावरून पडायची बाकी राहिली. म्हणे, "आजी, तू नापास." मी म्हटलं, पेशंट बी नापास होते काय वं? मग तिनं मले समजावलं, जसं लहान लेकराले समजावतात तसं, की आजी, पेशंटची गोष्ट पेशंटची. त्यानं हो म्हटल्याबिगर नवऱ्याले नाही, मायले नाही, कोणालेच नाही. मी म्हटलं, हे मले माहीत आहे. ती हसली. तिले वाटलं, मी थापा मारून राहिली.

कोणाले खरं वाटणार, बाई? मी बोलणारी बाई. नळावर मी, लग्नात मी, मयतीत बी मीच. आणि तुमच्या दवाखान्यात मी इतकी वर्षं आया होती, तिथलं मी काही बाहेर नेलं नाही, हे दाखवू कशावरून? न बोललेलं कोणाले दिसत नाही. गांधीबागेच्या कापडबाजारातली ती दुपार तुम्हाले आठवते का? तुम्ही चादरी घ्यायले गेल्या होत्या आणि गठ्ठा उचलाले मले सोबत नेलं होतं. दुकानात आपल्याकडची एक पेशंट बसली आहे, सासूच्या बाजूले, पुढ्यात साड्यांचा ढीग. मले आनंद झाला, मी तिथूनच म्हटलं, "काय वं, आता बरं आहे ना पोटात?" आपल्यात ओळखीचं माणूस दिसलं आणि तब्येत नाही विचारली तर ते तोंड फिरवल्यासारखं होतं. त्या पोरीचा चेहरा असा उतरला की साडी तिच्या हातून निसटली. तुम्ही चादरींचे पैसे दिले. रिक्षात बसल्यावर म्हणाल्या, "अगं, बाहेर आपण त्यांना ओळखत नाही. त्यांनी ओळख दिली तरच आपली ओळख." मी म्हटलं, बाई, मी तर चांगल्यासाठी विचारलं. तुम्ही म्हणाल्या, "तू विचारपूस केलीस, आता ती दुखणं अंगावर काढेल." आणि ती खरंच पुन्हा आली नाही. तेव्हापासून रस्त्यात कोणी दिसलं की मी आधी त्यांच्या डोळ्यांकडे पाहते, अजून. हाच माझा वर्ग, रिक्षातला.

आता ज्याच्यासाठी लिहायले बसली ते सांगते, नाही तर मी अशीच फिरत राहीन. नात एक दिवस डबा विसरून गेली. मी म्हटलं, तेवढाच बहाणा, मेडिकल कॉलेज पाहणं होईल. ऑटो करून गेली. मोठ्ठा व्हरांडा, माणसांले माणसं लागलेली, आणि खिडकीखालच्या बाकावर माझी लहानी बहीण बसली आहे. तिले तुम्ही ओळखता. शहराबाहेर वाडीले राहते ती, ट्रान्सपोर्टच्या गोदामांच्या मागे एका भाड्याच्या खोलीत. नवरा गेल्यापासून एकटीच. लेकरू नाही. मांडीवर प्लास्टिकची पिशवी, आणि मनगटं अशी बारीक की बांगड्या कोपरापर्यंत चढवलेल्या. मले पाहून दचकली.

"तू कायले आली वं ताई?"

"मी डबा घेऊन आली. तू कायले आली?"

"गॅस झाला. दुसरं काही नाही."

गॅससाठी वाडीहून इतक्या दूर? तेवढ्यात आतून नात आली. तिनं आम्हा दोघींले पाहिलं. लहानीनं तिच्याकडे पाहून मान जराशी नाही-नाही अशी हलवली. नातीनं माझ्या हातातला डबा घेतला, म्हणाली, "आजी, तू घरी जा, ऊन होऊन राहिलं," आणि लहानीले हाताले धरून आत घेऊन गेली. दार लागलं. मी बाहेर. मले वाटलं, डबा तरी आत नेऊन देऊ का? पण तो तर तीच घेऊन गेली होती.

घरी आल्यावर मी विचारलं. तिनं कोट काढला, हात धुतले, माझ्या समोर बसली. "आजी, ते मी नाही सांगू शकत. तू लहानी आजीलेच विचार." मी म्हटलं, अवं, माझी बहीण आहे ती, मी कडेवर घेऊन फिरवली तिले. "म्हणून तं विचार तिले." माझा मुलगा तापला, म्हणाला, "एवढं शिकवलं ते काय परक्यायसाठी? घरात डॉक्टर, अन् घरच्यायलेच पत्ता नाही?" ती रडली, पण बोलली नाही. आणि मी काय केलं माहीत आहे? तिच्या बाजूनं मुलाले दटावलं, आणि दुसऱ्या दिवशी तिच्या आवडीची कोथिंबिरीची सांबारवडी करून गरम गरम वाढता वाढता हळूच विचारलं, "कॅन्सरवाल्यायले हे तळलेलं चालते काय वं?" ती म्हणे, "वडी मस्त झाली आजी." आतल्या आत मी तिच्यावर इतकी खूश, आणि इतकी चिडलेली, की मले स्वतःचंच कळेना. तुम्हीच समोर बसून वडी खाऊन राहिल्या असं वाटलं.

मग मी वाडीले गेली. लहानीच्या खोलीत ट्रकांचा आवाज सारखा. तिनं चहा टाकला, कपात कमी आणि बशीत जास्त सांडला. मी म्हटलं, तू पोरीले काहून मना केलं? मी काय परकी आहे? तिनं बशीतला चहा परत कपात ओतला. मग म्हणाली, "ताई, तुह्या पोटात काही राहत नाही. तुले सांगितलं का उद्या सारे नातेवाईक केळं-बिस्किटं घेऊन पाहाले येतीन. ह्यायच्या दुखण्याच्या वक्ती तू पाहिलं ना? खाटेवर बसून बसून, कोण कसं मेलं हेच सांगत होते त्यायले. अन् बाया रडाच्या, हे बिचारे त्यायले पाणी देत होते. मले नाही पाहू द्याचं कोणाले."

ती खरं बोलत होती. आपल्यात आजारी माणसाले पाहाले जाणं हे कर्तव्य, नाही गेलं तर वर्षभर बोलणं ऐकावं लागतं. आणि मी तर सगळ्यात पुढे, पिशवी घेऊन. पण ती म्हणाली ना, तुझ्या पोटात काही राहत नाही, तेव्हा बाई, माझ्या जिभेवर आलं. जे तुम्हाले आणि मलेच माहीत आहे, ते.

तो दिवस. मी सुटी सांगितली होती, नणंदेले पाहाले पाहुणे येणार होते. ते आलेच नाहीत, म्हणून मी दुपारी मागच्या दारानं आली आणि सुया उकळायले ठेवल्या. पडद्याच्या पलीकडे लहानी आणि तिचा नवरा. मी नाही असं पाहूनच ती आली असणार. तुम्ही सांगून राहिल्या होत्या की दोष तिच्यात नाही, नवऱ्यात आहे, आणि लेकरू होणार नाही. तो माणूस हुंदके देऊन राहिला. आणि लहानी, विशीतली पोरगी, काय म्हणाली? "बाई, दोष माह्यावरच राहू द्या. हे दिवसभर हमालायमंदी राहतात, गोदामातले लोक ह्यायले जगू देणार नाही. मले तं घरातल्या घरातच बोलतीन." ते गेल्यावर तुम्ही आत आल्या, मी पातेल्यापाशी उभी. तुम्ही म्हणाल्या, "तू आत होतीस हे तिला कधी कळता कामा नये. बहीण ती दाराबाहेर. इथे पेशंट." तुम्ही रागावल्या नव्हत्या. तुमचाच आवाज कापत होता.

आणि मग किती ओट्या भरल्या गेल्या, बाई. कोणाच्याही सातव्या महिन्याच्या कार्यक्रमात लहानीले मागे बसवत. तिची सासू सगळ्यांदेखत म्हणायची, वांझेचा हात नको लागू देऊ. माझ्या स्वतःच्या सुनेच्या कार्यक्रमात लहानी दारातूनच परत गेली. एका वाक्यानं मी सगळ्यांची तोंडं बंद करू शकत होती. मी पोळ्या लाटत राहिली. लोक म्हणायचे, ही सगळ्यांवर बोलते, बहिणीच्या बाजूनं तेवढं हिच्या तोंडून निघत नाही. लहानीलेही तसंच वाटत असेल.

तर आता वाडीच्या त्या खोलीत, ती म्हणते, तुझ्या पोटात काही राहत नाही. मी म्हणू शकत होती, राहतं वं, तुझंच राहिलं आहे, इतकी वर्षं. तिनं लगेच विश्वास ठेवला असता. पण तिचा नवरा गेला, त्याची लाज तिनं झाकली, ते झाकण मीच उघडू? फक्त माझी बाजू खरी करायले? माझ्या बाजूनं सांगणाऱ्या एक तुम्हीच होत्या, आणि तुम्ही केव्हाच गेल्या. मी चहा पिली. उठली, तिचे केस सोडले, तेल लावलं. केस हातात येऊन राहिले होते, ते मी गुपचूप पदरात गुंडाळले. काही विचारलं नाही, काही सांगितलं नाही. माझ्यासारखी बाई, दिवस कलेपर्यंत. निघताना ती म्हणाली, "ताई, आज तुले काही बोलाचं नाही काय?" मी म्हटलं, "नाही वं. तेल बरं मुरलं." ती माझ्याकडे पाहत राहिली, मी ऑटोत बसेपर्यंत.

आज इतवार. सकाळी नातीले लहानीचा फोन आला. ती बाल्कनीत जाऊन बोलली, आत आली ती डोळे पुसूनच. माझ्यासमोर बसली. "आजी, लहानी आजीनं परवानगी दिली. म्हणाली, माह्या बहिणीले सांग, पण तूच सांग, माह्या तोंडून नाही होत. अन् तिले म्हण, बाकीच्यायले नको." मले ज्याच्यासाठी इतके दिवस तळमळ होती ते तिच्या ओठावर आलं, आणि मी म्हटलं, "आधी जेव." ती जेवली. मी म्हटलं, भांडी होऊ दे. भांडी झाली. मी म्हटलं, मले एक पत्र लिहायचं आहे, तेवढं होऊ दे. कोणाले लिहायचं, हे तिनं विचारलं बी नाही. तिले घाई करायची नाही असं शिकवलं आहे, तुमच्यासारखंच.

तुम्ही मले सगळं शिकवलं, बाई. कुठं ऐकायचं नाही, ऐकलं तर कुठं ठेवायचं. पण आपल्या माणसाचं ऐकायचं असेल तर कसं बसायचं, ते काही शिकवलं नाही. कदाचित तुम्हालेही येत नव्हतं. तुमच्या शेवटच्या दुखण्यात तुम्ही कोणाले पाहाले येऊ दिलं नाही, मलेही नाही. मी फाटकाशी येऊन परत गेली होती.

नात दोनदा डोकावून गेली. मी म्हटलं, होते वं, थांब जराशी. तिले वाटतं, मी अजून लिहून राहिली. लिहायचं केव्हाच संपलं आहे, बाई. मी नुसती पेन धरून बसली आहे.