टाकीतलं तीर्थ

३ नोव्हेंबर

वाघोलीत राहायला आलो. नारायण पेठेतला माणूस वाघोलीला चालला म्हटल्यावर शेजाऱ्यांनी मला परदेशी निघाल्यासारखा निरोप दिला. एकाने परत कधी येणार म्हणून विचारलं आणि त्याच श्वासात, तोवर तुमच्या स्कूटरची जागा आम्ही वापरू का, हेही विचारून घेतलं. असो. कंपनीने दिलेला फ्लॅट प्रसन्न आहे. चौथा मजला, उजेड भरपूर, पाणी टँकरचं, समोर न विकलेल्या इमारतींची रांग. सकाळी गॅलरीत चहा घेतला तेव्हा चक्क बरं वाटलं.

इतकी वर्षं वर्तमानपत्रात लोकांची सालटी काढून पोट भरलं. मग संपादक म्हणाले, वाचकांना आता सकारात्मक हवंय. तेव्हा आता मी सकारात्मक आहे. औषधाच्या कंपनीत रुग्णांसाठी मराठी माहितीपत्रकं लिहिणार.

औषध बुरशीपासून निघतं. ती सापडली आप्पासाहेबांच्या गोठ्यामागच्या उकिरड्यावर. आप्पासाहेब इथले मूळचे जमीनवाले. कंपनी त्यांच्याच रानात उभी आहे आणि भांडवलही बरंचसं त्यांचंच. शोध लावला डॉ. श्रीनिवासने. तो शाळेत माझ्या वर्गात होता. तेव्हाही इतरांच्या चुका मोठ्याने सांगायचा, आता त्याचे पैसे मिळतात.

पण खरं कारण तनुजा. माझी धाकटी बहीण. कोथरूडमध्ये खड्ड्यात स्कूटर गेली, पाय मोडला, शस्त्रक्रियेत सळी बसवली, आणि सळीबरोबर हाडात जिवाणू. एकही औषध लागू पडत नाही. डॉक्टर आता पाय काढायची भाषा बोलतात. तिला मी आणि मला ती. बाकीचे नातेवाईक लग्नपत्रिकेपुरते. श्रीनिवासने शब्द दिलाय, माणसांवर चाचणीची परवानगी आली की पहिलं नाव तिचं.

६ नोव्हेंबर

आज टाकी पाहिली. उभा माणूस बुडेल एवढी, स्टीलची, एका बाजूला काचेची खिडकी. आत दुधाळ पाणी आणि त्यात संथ हलणारे पांढरे धागे.

श्रीनिवासने समजावलं. शेणाच्या ढिगात बुरशी आणि जिवाणू एकाच घासासाठी भांडतात, माणूस जन्मायच्या कितीतरी आधीपासून. त्या भांडणात बुरशीने एक हत्यार घडवलं: प्रथिनाचा इवलासा तुकडा, पेप्टाइड. जिवाणू आपली भिंत बांधायला लागला की हा तुकडा त्याची वीटच धरून ठेवतो. भिंत होत नाही, जिवाणू फुटतो. टाकीतलं पाणी गाळणीतून जातं, बुरशी मागे राहते, पेप्टाइड पुढे. औषध म्हणजे ते पुढचं.

माहितीपत्रकात मला एक परिच्छेद घालायचा होता, तो त्याने लगेच खोडला. जिवाणू औषधांना जुमानेनासे का झाले, त्याचा. दोन शिंका आल्या की दुकानातून गोळ्या आणणारे आपण, बरं वाटलं की उरलेल्या गोळ्या शेजारच्या वहिनींना देणारे आपण. कोंबड्यांना चारतो ते वेगळंच. तनुजाच्या हाडात जे बसलंय ते साऱ्या पुण्याने मिळून पोसलंय आणि पाय मात्र तिचा जाणार. श्रीनिवास म्हणाला, वाचक दुखावतील. मी म्हटलं, दुखावू देत, तेवढं तरी दुखू दे.

१० नोव्हेंबर

टाकीतली पहिली खेप तयार झाली म्हणून सत्यनारायण. पूजेला आप्पासाहेब आणि त्यांच्या पत्नी प्रेमलाताई. प्रयोगशाळेत केळीचे खांब, सूक्ष्मदर्शकावर झेंडू.

आप्पासाहेबांचं म्हणणं, आपल्या मातीतलं औषध आहे, पहिला नैवेद्य देवाला आणि मग तीर्थ म्हणून सगळ्यांना. श्रीनिवासने हरकत घेतली नाही. प्रथिनच आहे, पोटात गेलं की त्याचं वरणच होतं, म्हणाला. त्याने गाळलेल्या द्रवाची बाटली आणली, तर आप्पासाहेबांनी ती बाजूला सारली. गाळणीच्या तोंडातून गेलेलं म्हणजे उष्टं. देवाला उष्टं चालत नाही. टाकीच्या वरच्या झाकणातून, गाळायच्या आधीचं हवं.

मला वाटलं आता श्रीनिवास कडाडणार. ज्याने आयुष्यभर वेटरचे उच्चार सुधारले, त्याने निमूट झाकण उघडलं. भांडवलापुढे विज्ञान किती वाकतं हे ज्याला पाहायचं असेल त्याने सत्यनारायणाला यावं. टाकीतलं काढून पंचामृतात मिसळलं आणि पळी पळी सर्वांना दिलं. मीही घेतलं. चव ओल्या पोत्याची, मागून गोडसर.

१४ नोव्हेंबर

घरी दही लागत नाही. विरजण बदललं, दूध बदललं. डेअरीवाल्याशी सविस्तर भांडून आलो. नंतर स्वागतकक्षातल्या श्यामलाबाई म्हणाल्या, त्यांच्याकडेही तेच. पूजेला आलेल्या प्रत्येकाकडे तेच. आपण हात लावला की दूध दूधच राहतं.

आणखी एक. कोणाच्याच अंगाला घामाचा वास येत नाही. दुपारच्या लिफ्टमध्ये हे फार सुखाचं आहे, तक्रार कोण करणार?

१८ नोव्हेंबर

आप्पासाहेबांच्या तळपायाला साखरेमुळे जुनी जखम होती, कायम ओली. ती बुजली. वर पांढरी, मऊ कातडी आलीय. श्रीनिवासने गाळलेल्या औषधाशी ताडून पाहिलं, एवढा गुण त्याला नाही. तेव्हा सगळं श्रेय गाळणीमागे राहणाऱ्याचं.

मला खोलीत बोलावून म्हणाला, परवानगी येईल तेव्हा येईल, तनुजाचा पाय थांबणार नाही. इस्पितळातले एक ओळखीचे तयार आहेत. टाकीतलंच थेट जखमेत सोडायचं. मी हो म्हटलं. तनुजाला फोन केला, ती रडली. ती रडत नाही कधी. गणिताची बाई आहे, रडवते.

२१ नोव्हेंबर

फ्रिजमागे मेलेला उंदीर सापडला. कधीचा कोण जाणे, वास अजिबात नाही. उचलला तर कापसासारखा हलका. फाटला. आत मांस नव्हतं, पांढरे धागे होते, कातड्यात नीट भरलेले, गादीत भरतात तसे.

ऑफिसला उशीर झाला. श्यामलाबाईंनी गोड हसून विचारलं, जेवलात का. या बाई! यांनी आजवर कुरिअरवाल्याला सरळ उत्तर दिलेलं नाही. त्यांच्यामागे श्रीनिवास उभा होता. कोणीतरी त्याच्यासमोर चुकीचं इंग्रजी बोललं आणि त्याने मान डोलावली.

मला भीती वाटली ती उंदराची नाही. सबंध इमारतीत कोणी कोणावर चिडत नव्हतं.

उशीवर पांढरी पूड आहे. पीठ असावं. मी स्वयंपाकघरातही पीठ ठेवत नाही.

२३ नोव्हेंबर

टाकीच्या खोलीत गेलो. सगळे तिथेच. खुर्च्या मांडून, खिडकीकडे तोंड करून बसले होते. दिवे बंद. प्रेमलाताईंच्या कानामागे पांढरी लव. त्यांनी माझ्यासाठी शेजारची खुर्ची पुसली.

मी ओरडलो. हे मेंदूपर्यंत गेलंय, सगळ्यांना इस्पितळात न्या, तनुजाचं तर ताबडतोब रद्द करा. श्रीनिवास शांतपणे म्हणाला, जिवाणूंनीच तर आजवर बुरशीला अंगाबाहेर ठेवलं होतं, ते गेले, आता जागा आहे. यात वाईट काय ते मला सांग. मूर्खा, तू डॉक्टर, तू मला विचारतोस? माझ्या बहिणीचं काय, म्हटलं.

उत्तर आप्पासाहेबांनी दिलं.

“तुमच्या बहिणीची उघडी जखम म्हंजी नांगरल्यालं रान हाय. आमच्या पोटात पेरलं त्याला येळ लागला. तिथं दोन दिसांत उगवंल.”

प्रेमाने म्हणाले. शिवी असती तर बरं वाटलं असतं.

बाहेर येऊन तनुजाला फोन केला. काहीही घेऊ नकोस, श्रीनिवास आला तर हाकल. ती म्हणाली, सकाळीच हाकलला. बाटली घेऊन आला होता आणि तिच्याशी फार गोड बोलत होता. जन्मात गोड न बोललेला माणूस गोड बोलायला लागला की आधी दार दाखवावं, हे तिला कळतं. पुण्यात वाढलीय.

म्हणजे पाय जाणार. पण ती राहणार.

२४ नोव्हेंबर

इस्पितळात स्वतःला दाखवलं. तरुण डॉक्टरने सांगितलं, रिपोर्ट स्वच्छ आहेत, इतके स्वच्छ त्याने कधी पाहिले नाहीत. बुरशीची तपासणी करा म्हटलं तर मोबाइलवर फार वाचू नका म्हणाला. औषध प्रशासनाला फोन केला. तक्रार लेखी द्या. आरोग्य खात्याला केला. वाघोली आमच्याकडे येत नाही. पोलिसांनी विचारलं, कोणी मेलंय का? अजून नाही. मग?

हरामखोर. सगळे. संताप आलाय, आणि आलाय म्हणून बरं वाटतंय. राग आहे तोवर आत मी आहे. जे आत वाढतंय त्याला राग मानवत नसावा. म्हणून लिहितो. शिव्या घालत लिहितो.

खाली रखवालदाराचं बोट कापलं होतं. त्याचा हात मी हातात कधी घेतला कळलं नाही. फुंकर घालायला तोंड अगदी जवळ नेलं होतं. त्यानेच हात ओढून घेतला. मला नुसतं त्याचं बरं करायचं होतं. शपथ. नुसतं बरं.

आत येऊन कडी लावली. बाहेर जायचं नाही. उघडी जखम दिसली की मी—

२५ नोव्हेंबर

भूक नाही. बाथरूममध्ये ओल आहे, तिथे बसलं की बरं वाटतं. उठलो. मुद्दाम उन्हात बसलो. ऊन सोसत नाही.

जिभेवर पांढरं. खरवडलं. परत आलं.

तनुजाचा फोन. उद्या शस्त्रक्रिया. तू येणार ना. नाही म्हटलं. का. सांगितलं सगळं, उंदीर, खुर्च्या, पूड. तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, मी येते तुला न्यायला. येऊ नकोस म्हटलं. ओरडलो असं वाटलं. पण आवाज गोड निघाला. माझा आवाज, तिच्याशी, गोड—

तिने तेवढ्यानेच ओळखलं असणार. फोन ठेवला.

राग आठवतोय. संपादक. श्रीनिवास. गाळणीला उष्टं म्हणणारे. गप्प बसून तीर्थाला हात पुढे करणारा मी. आठवतोय, पण लांबून. दुसऱ्या कोणाच्या घरातलं भांडण ऐकावं तसा.

२६ नोव्हेंबर

दारावर कुबडी आपटतेय. आली. रिक्षाने, कोथरूडहून, त्या पायाने. रखवालदार नको म्हणत होता, त्यालाही झापलंय, ऐकू आलं. काय आवाज आहे. अख्ख्या वाघोलीत चिडलेलं एकच माणूस.

मी दाराला पाठ लावून खाली बसलोय. लिहितोय म्हणजे हात गुंतलेला राहील. उजवा. डावा मांडीखाली दाबलाय.

तिला म्हटलं जा. ती म्हणाली,

“दुपारी पाय कापणार आहेत माझा. त्याआधी दोन पायांवर तुझ्या दारात आलेय, दादा. उघड. पाय गेला तर गेला, तू जायचं नाहीस.”

पट्टी ओली झालीय तिची. दाराखालून वास येतोय. पू, रक्त, औषध. किती दिवसांनी वास आला कशाचातरी. गोड

नाही. तनुजा जा. मूर्ख मुली जा. हे मोठ्याने म्हटलं का नुसतं लिहिलं

ती रडतेय आता. शिव्या थांबल्या. थांबू नकोस, शिव्या दे, तू चिडलीस की मला थोडं—

कुलूपवाल्याला फोन करतेय. पत्ता सांगतेय. नको. त्याने फोडायच्या आत मी सांगायला हवं. दाराच्या फटीतून. फटीतून बोललं तर चालेल. दार पूर्ण उघडायचं नाही. कडीवर डावा हात आहे. मांडीखाली होता. दुखत असेल तिला किती. मी फक्त फुंकर