बरोबरी झाली तर आपण बाहेर

३ ऑक्टोबर

तिसरे आलो! हसावं की रडावं, कळत नाही.

बेसबॉलच्या सहा संघांच्या लीगमध्ये आमचे पेलिकन्स दरवर्षी पाचवे, नाहीतर सहावे. सातवं यायची सोय असती तर तेही आले असते. आणि यंदाच, नेमके यंदाच, तिसरे. अख्खं ताकामात्सु रस्त्यावर उतरलंय. आमच्या दुकानात एक म्हातारा उदोनच्या, म्हणजे रश्श्यातल्या जाड शेवयांच्या, वाडग्यापुढे बसून ढसाढसा रडला. मला वाटलं, रस्सा बिघडला की काय. चाखून पाहिला.

मला मात्र वेगळाच आनंद. मोसम संपला! सप्टेंबरमध्ये ह्यांच्या छातीतली मोठी रक्तवाहिनी फुगलेली निघाली. डॉक्टर ओगाकी म्हणाले, "फुटली तर आमच्या हातात काही राहणार नाही. लवकर भरती व्हा." हे म्हणाले, "मोसम संपला की होतो." डॉक्टरांनी माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, पेलिकन्स आहेत हो, लवकरच संपतील.

आज ह्यांची बॅग भरायला घेतली. पायजमे, टॉवेल, चष्म्याचं घर. तेवढ्यात नाकानिशी आला. चाहत्यांच्या पथकात हा ढोल बडवतो, हे ट्रम्पेट वाजवतात. बॅगेकडे बघून म्हणाला, "वहिनी, एवढ्यात? कानाझावाला जायचंय ते अकराला."

मी विचारलं, "कानाझावाला कशाला?"

"कशाला म्हणजे? पहिली फेरी!"

४ ऑक्टोबर

इतकी वर्षं ह्या घरात बेसबॉलशिवाय दुसरा विषय नाही, आणि मला हे ठाऊक नव्हतं. ठाऊक असणार कसं? आमच्या संघाने कधी तशी वेळच आणली नव्हती.

दुकान बंद केल्यावर नाकानिशीने टेबलावर वाडगे मांडून समजावलं. सहातले पहिले तीन पुढे जातात. म्हणजे एकशे त्रेचाळीस सामने खेळायचे ते निम्मे गाळायला. मग दुसरा आणि तिसरा आपसात तीन सामने खेळणार. तिन्ही सामने दुसऱ्याच्याच मैदानावर. म्हणजे कानाझावाच्या.

"आपल्याकडे एकही नाही?"

"तिसरे आहोत ना, वहिनी."

दोन जिंकेल तो पुढे. त्याची गाठ पहिल्याशी, म्हणजे निईगाताशी. तिथे सहा सामने, तेही सगळे निईगातातच. आणि खरी गंमत पुढेच — निईगाताच्या खात्यात एक विजय आधीच जमा! चेंडू न टाकता, बॅट न उचलता. पहिले आले म्हणून बक्षीस. जो चार करेल तो जिंकला. म्हणजे त्यांना तीनच जिंकायचे आणि आम्हाला चार.

मी म्हटलं, "ह्याला मालिका म्हणतात? मला वाटलं सासर."

नाकानिशी हसला. हे हसले नाहीत. मी वाडगे उचलता उचलता हिशेब मांडत होते. तीन, मग सहा, मग तेही जिंकलो तर दुसऱ्या लीगच्या विजेत्याशी आणखी सात. थेट नोव्हेंबर! आणि छातीतला तो फुगा?

६ ऑक्टोबर

सगळं गाव देवळात घंटा वाजवून जिंकायचं मागतंय. मीही गेले. देव पाण्यात घालून बसलेय — हरण्यासाठी.

९ ऑक्टोबर

भांडण झालं. डॉक्टरांनी सांगितलंय, ट्रम्पेट फुंकायचा नाही, फुंकलं की आतला दाब वाढतो. मी म्हटलं, मग घरी बसा, टीव्हीवर बघा. हे म्हणाले, "फुंकणार नाही. नुसता हातात धरीन."

"नुसता धरायला चार गाड्या बदलून कानाझावाला?"

"पोरं आहेत ना. साओरी वाजवेल."

साओरी म्हणजे पथकातली नवी मुलगी, चांगलं वाजवते. ठीक आहे. पण मीही जाणार. दुकान तीन दिवस बंद. दारावर पाटी लावली, 'पहिल्या फेरीनिमित्त बंद'. येणारे-जाणारे हात जोडून म्हणतायत, काय ही निष्ठा! मी मूग गिळून बसले.

११ ऑक्टोबर, कानाझावा

हरलो! ५-०. देव ऐकतो बरं का.

बाहेरच्या बाकांवर पाहुण्या संघाची जागा म्हणजे एक कोपरा, त्यातही मध्ये खांब. सगळे उभे राहून शेवटपर्यंत ओरडले. हे ट्रम्पेट पोटाशी धरून उभे, लेकरू धरल्यासारखे. साओरी वाजवत होती आणि ह्यांची बोटं आपोआप हलत होती. फुंकलं नाही. शब्दाचे पक्के आहेत, मानलं पाहिजे.

जेवताना सगळी तोंडं सुतकी. मी दोन वेळा भात घेतला. नाकानिशी म्हणाला, "वहिनींचं बघा. अजून धीर सोडलेला नाही."

१२ ऑक्टोबर

जिंकलो. ३-१. कोणाला सांगू?

१३ ऑक्टोबर, कानाझावा, संध्याकाळ

लिहिताना पेन कागदात रुततंय. रागाने. का आणखी कशाने, माहीत नाही.

एक-एक झालेलं. आज तिसरा सामना. नऊ डाव संपले, २-२. दहावा, अकरावा, तेच. बाराव्याच्या पुढे सामना नेतच नाहीत. आणि मला नियम आता तोंडपाठ. मालिका बरोबरीत सुटली तर वरच्या नंबरचा पुढे. म्हणजे बाराव्या डावात पहिल्यांदा आमची पाळी, त्यात आमची धाव झाली नाही, तर सामना तिथेच संपला! कानाझावाने पुन्हा बॅटसुद्धा हातात घ्यायची नाही. ते बिनखेळता पुढे, आम्ही घरी, हे दवाखान्यात. असा नियम ज्याच्या डोक्यातून निघाला त्याला मी जन्मभर फुकट उदोन खायला घालीन.

पहिला बाद. दुसरा बाद. मी रुमालात तोंड लपवून हसत होते.

तिसरा आला मोमोसे. राखीव कॅचर. मुख्य कॅचरला काढून त्याच्या जागी पळणारा घातला होता, आता दुसरं कोणी उरलंच नव्हतं, म्हणून हा. वर्षभर बाकावर बसून सूर्यफुलाच्या बिया खाल्ल्या असतील त्याने. प्रत्येक खेळाडूचं आपलं एक गाणं असतं, तो बॅट घेऊन आला की पथकाने ते वाजवायचंच. मोमोसेचं गाणं ह्यांनीच बसवलेलं, चार वर्षांपूर्वी. वाजवायची वेळ आली होती एकदोनदा. साओरीने ह्यांच्याकडे पाहिलं.

"काका, हे मला येत नाही."

बाकीच्या दोघांनाही येत नव्हतं. ढोल थांबला. आमचा सगळा कोपरा गप्प. तो मोमोसे तिथे एकटा, मागे वळून बघत होता. खरंच बघत होता.

मी ह्यांची बाही धरली. "अहो, नाही."

"अगं, एवढंच. बिनगाण्याचा उभा राहील का तो तिथे?"

आणि फुंकलं! मान लाल, कानशिलावरची शीर तटतटलेली. मी मैदानाकडे पाहिलंच नाही, त्या शिरेकडे बघत होते. त्यामुळे चेंडू कुठे गेला ते मला कळलंच नाही. सगळे माझ्या अंगावर कोसळले तेव्हा कळलं. होमरन, थेट कुंपणापार.

३-२. मग कानाझावाचे तीन बाद व्हायला किती वेळ लागतो? काहीच नाही लागला.

मी रडले. मोठ्याने. नाकानिशीने माझे दोन्ही हात धरले. "रडा वहिनी, मनसोक्त रडा! असा दिवस रोज येत नाही."

१४ ऑक्टोबर

गाडीत मी बोलले नाही. ओकायामाला गाडी बदलताना मात्र राहवलं नाही. फलाटावरच सुरू झाले. "आता उद्यापासून सहा. मग सात. मग मोसमानंतरचा सराव बघायला जा. मग बर्फ. तुमची ती रक्तवाहिनी कोणत्या फेरीपर्यंत थांबणार आहे, विचारून ठेवा."

हे म्हणाले, "उद्या सकाळी भरती आहे."

"कोणाची?"

"माझी. मागच्या महिन्याच्या शेवटी, आपण तिसरे येतोय असं दिसलं तेव्हाच खाट राखून ठेवली. तेराला हरणार, चौदाला घरी, पंधराला भरती."

"हरणार, हे तुम्ही धरूनच चालला होतात?"

"अगं, तिसरा संघ. मैदान त्यांचं. बरोबरीसुद्धा पुरत नाही. कोण जिंकणार होतं?"

एकतीस वर्षं हा माणूस उन्हातान्हात उभा राहून 'जिंकणारच' वाजवतोय!

"मग मला का नाही सांगितलंत?"

"तू नाकानिशीला सांगितलं असतंस. ट्रम्पेटवालाच हरायची तारीख धरून बसलाय म्हटल्यावर त्याने ढोल वाजवला असता का?"

समोर गाडी लागली. चढताना हे हळूच म्हणाले, "काल फुंकलं तेव्हा इथे छातीत काहीतरी टोचलं. उद्या मला एकट्याला पाठवू नकोस. भीती वाटते."

समुद्रावरच्या पुलावरून येताना मी ह्यांचा हात सोडला नाही. महिनाभर ज्या माणसावर धुसफुसत होते, त्याच्यावर रागवायला आता काही उरलंच नाही. फार अवघड जातंय.

१५ ऑक्टोबर

भरती झाले. नाकानिशी आणि मंडळी निईगाताला. जाताना नाकानिशी दवाखान्यात येऊन ह्यांच्या पायाशी बसला. "दादा, तुमच्याशिवाय कसं?" हे म्हणाले, "मोमोसेचं साओरीला शिकवलंय, फोनवर. सूर थोडा चढा लागतो तिचा." बाजूच्या खाटेवरचा आजोबा निईगाताचा निघाला. सगळं जग सोडून नेमका ताकामात्सुच्या दवाखान्यात! दोघांनी दिवसभर एकमेकांचा उद्धार केला आणि दोघांचाही रक्तदाब उत्तम आला. नर्सला नवल वाटलं.

रात्रीचा निकाल ६-१. हरलो. एकच सामना झाला आणि दोन-शून्यने मागे. आजोबा म्हणाला, "तो एक आमच्या हक्काचा." हे म्हणाले, "हक्काचा काय, फुकटातला." मग नर्सने दिवा घालवायला लावला.

उद्या ऑपरेशन. ह्यांनी मला विचारलं, "परवाच्या शुक्रवारच्या आधी नाही ना संपत मालिका?"

"नाही संपत."

"मग उठल्यावर बघू."

१६ ऑक्टोबर

सकाळी आत नेलं. संध्याकाळी बाहेर आणलं. डॉक्टर ओगाकी म्हणाले, "ऑपरेशन नीट झालं. सकाळपर्यंत शुद्धीवर येतील." नळ्याच नळ्या. चेहरा दुसऱ्याच कोणाचा वाटतो.

पेलिकन्स ४-३ हरले. दोन सामन्यांत तीन-शून्य. हे गणित फक्त आमच्याच नशिबात. आता चारही जिंकायला हवेत, एक बरोबरी झाली तरी बाहेर.

१७ ऑक्टोबर

दुपारचे चार. अजून डोळे उघडलेले नाहीत. "वाट पाहू," डॉक्टर ओगाकी म्हणाले. बोलताना माझ्याकडे बघत नव्हते.

सहाला सामना. नाकानिशीला निईगाताला फोन केला. म्हटलं, आज हरू नका. तो म्हणाला, "वहिनी, रडताय का?" म्हटलं, बरोबरीही नको. उद्याही हरू नका. हे उठेपर्यंत हरू नका रे.