फुकटचं कॅड

१२ ऑगस्ट, मंगळवार

बोलून बसली! महिला मंडळाच्या वाचनालयाले एक खोली वाढवायची आहे. नकाशा कोण काढणार, अशी चर्चा निघाली, अन् माझंच तोंड उघडलं — "मी काढते. कंप्युटरवर."

पूर्णिमाताई लगेच म्हणाल्या, "हो ना, इंदूताई सिंचन खात्यात होत्या!"

होती. ट्रेसर होती. ट्रेसिंग पेपर, शाई, पट्टी. ऑफिसात कंप्युटरवर नकाशे काढायचं कॅड आलं तेव्हा नव्या पोट्ट्यांना शिकवलं, मले नाही. हे तिथं सांगता आलं असतं. नाही सांगितलं.

१४ ऑगस्ट

सून कॉलेजात गेली की तिचा लॅपटॉप घरीच असतो. सोनियाले विचारलं असतं तर नाही म्हणाली नसती. पण "मम्मी, आपको नहीं आता?" हे ऐकायचं नव्हतं मले. रिटायर बाईचा तोरा!

कॅडची किंमत पाहून डोळेच फिरले. मग एक व्हिडिओ सापडला — 'फुल व्हर्जन, एकदम फ्री'. खाली लिंक. आधी अँटिव्हायरस बंद करा म्हणे. केला. दाबलं. बराच वेळ फाइल उतरायची पट्टी सरकली, अन् उघडलं काहीच नाही. अँटिव्हायरस परत चालू करून लॅपटॉप जागच्या जागी ठेवून दिला.

१६ ऑगस्ट

सत्यानाश. सोनियाच्या सगळ्या फायली बंद. पडद्यावर इंग्रजीत धमकी — पैसे भरा, नाही तर विसरा.

तिची पीएचडी होती त्यात. रायपूरच्या तलावांवर लिहून राहिली आहे. बूढ़ा तलावाच्या काठी राहणाऱ्या म्हाताऱ्या बायांच्या मुलाखती घेतल्या होत्या तिनं. त्यांतल्या दोघी आता नाहीत. आवाज तेवढे लॅपटॉपात होते.

माझा लेक शेखर किती ओरडला तिच्यावर! "इतना पढ़-लिखके बॅकअप नहीं रखा? कुछ भी डाउनलोड करती रहती हो!"

"मैंने कुछ नहीं किया."

"तो किसने किया? भूत ने?"

मी स्वयंपाकघरात कणीक मळत होती. मळतच राहिली.

१७ ऑगस्ट

शेखर लॅपटॉप बंडूच्या कंप्युटर-दुरुस्तीच्या दुकानात देऊन आला. मी आजही बोलली नाही.

१९ ऑगस्ट

सोनिया धड जेवत नाही. आज भांडी लावता लावता म्हणाली, "मम्मी, शायद मुझसे ही कुछ दब गया होगा."

स्वतःवर घेऊन राहिली! अन् मी काय म्हटलं? "होतं असं. दोन घास खाऊन घे."

आरशात पाहवत नाही. लेकीसारखी म्हणत होती ना मी तिले, चारचौघांत?

२१ ऑगस्ट

सांगितलं. सोनिया कपडे वाळत घालत होती. म्हटलं, "ते मी केलं. कॅड पाहिजे होतं, फुकट. तुले विचाराची लाज वाटली."

हातातली ओढणी तशीच धरून उभी राहिली. मले वाटलं, आता बोलेल काहीतरी वाईट. बोललीच असती तर बरं होतं.

"मुझसे पूछ लेतीं, मम्मी," एवढंच. अन् खाली निघून गेली.

रात्री जेवताना शेखरलेही सांगितलं. तो ताटातून वर पाहेच ना. "जाने दो मम्मी. हो गया सो हो गया." बायकोवर ओरडला, आईले माफ केलं. आणखीच मेल्यासारखं झालं.

२४ ऑगस्ट

सोनिया तिच्या भावाचा जुना लॅपटॉप घेऊन आपणहून माझ्या खोलीत आली. "बैठिए. फ्री का और चोरी का — दोनों अलग चीज़ है."

मी शहाणी म्हणते काय — "विद्यार्थ्यांना ते मोठंवालं कॅड फुकट देतात म्हणे. तुझ्या कॉलेजचं नाव टाकू?" "वो पढ़ाई के लिए है, मम्मी. मंडल का काम उसमें नहीं कर सकते." इतकं होऊनही माझं डोकं खोट्याकडेच धावतं!

मग तिनं लिब्रेकॅड दाखवलं. बनवणाऱ्यांनीच सगळ्यांसाठी मोकळं ठेवलं आहे, कामालेही चालतं. "लिंक किसी व्हिडिओ के नीचे से नहीं, इनकी अपनी साइट से. और जो अँटिव्हायरस बंद करने बोले, उसको वहीं छोड़ दो." उतरवलं, तपासलं, उघडलं.

मी पहिली भिंत काढली. वाकडी. दुसरी सरळ आली. तिची पीएचडी बुडवून मी तिच्याकडूनच शिकून राहिली होती.

२८ ऑगस्ट

नकाशा मंडळात दिला. म्हटलं, "मले कंप्युटरवर येत नव्हतं, उगाच फुशारकी मारली. सुनेनं शिकवलं." लॅपटॉपचंही सांगून टाकलं, सगळ्यांसमोर. कोणी हसलं नाही. पूर्णिमाताईंनी पाण्याचा ग्लास पुढे केला.

३० ऑगस्ट

सोनिया बंडूकडून लॅपटॉप घेऊन आली. आवाज गेले ते गेलेच. पण बंडू तिले म्हणाला, मी उतरवलेली फाइल चाललीच नाही, अँटिव्हायरस परत चालू झाल्याबरोबर त्यानं ती अडकवून ठेवली होती. विष आलं ते शेखरच्या दुकानाच्या बिलांच्या चोरीच्या सॉफ्टवेअरमधून. त्यानंच ते याच लॅपटॉपात टाकलं होतं, माझ्या आधी. बंडूनं त्याले अठरा तारखेलेच सांगितलं. मी जेवताना कबूल केलं, त्याच्याही आधी! "घर में मत बताना," शेखर बंडूले म्हणाला होता.

शेखर समोर टीव्ही पाहत बसला होता.

"टीव्ही बंद कर," म्हटलं. "सोनिया, तू पण बस इथं."