पाठवणीचा शेवटचा सूर

रविवार, संध्याकाळ. फलटण.

संभ्याचं थोबाडसुद्धा बघायची इच्छा नाही. सख्खा चुलतभाऊ म्हणे! गावानं सत्कार ठेवला माझा आणि मिरवून घेतलं यानं. साउंड सिस्टीमपाशी बसून, कुणी स्टेजवर चढलं की मी संगीत दिलेल्या सिनेमांतला तो सनईचा सूर लावत होता. नट चिखलात पडला, धोतर सुटलं, की मी टाकतो तो केविलवाणा सूर. अकरा विनोदी सिनेमे त्याच्यावर निघाले. नगराध्यक्षही खिदळत होते. अरे, मी गाणीपण केलीत! ती कुणाला नकोत. सूर पाहिजे.

मग माझे वडील, आबा, मला हार घालायला उठले. पायरीवरून पाय सरकला, गुडघ्यावर आले. संभ्यानं लगेच सूर लावला. अख्खा मांडव हसला.

आबा तसेच थांबून ऐकत राहिले. सिनेमा ते कधी बघत नाहीत. जन्मभर लग्नांत सनई वाजवली. मी एकदा घरी त्यांच्याकडून पाठवणी वाजवून रेकॉर्ड करून घेतली होती. सिनेमात लेक सासरी निघते, असं सांगितलं होतं. तिचाच शेवटचा, दम सुटतानाचा सूर मी कापून घेतला. आबांना कधी बोललो नाही.

हार घालताना ते हळूच म्हणाले, "ही माजी सनई हाय न्हवं?"

"व्हय, आबा."

"लेक सासरी निघाली, तर मानसं हसत्यात व्हय रं?"

मघापासून संभ्याला शिव्या घालत बसलोय. त्यानं तर नुसतं बटण दाबलं.